अंगठा तरी नीट उमटू द्या!
दोन महिन्यांच्या बाळाचं ओसीआय कार्ड (परदेशी नागरिक असलेल्या भारतीय वंशाच्या माणसाला व्हिसाशिवाय भारतात येऊ देणारं) काढायचं म्हणजे डोक्याला ताप! फोटो चौकोनीच हवा, डोळे उघडे, तोंड मिटलेलं, मागे कुणाचा हात दिसता कामा नये. अहो, त्यानं अजून मान धरली नाहीये! सहीच्या जागी अंगठा. मूठ सोडवता सोडवता शाई त्याच्या गालाला, बायकोच्या कुर्त्याला, अगदी दुपट्यालाही. कागदावर नुसता डाग. तो स्कॅन करून उंचीच्या तिप्पट रुंदीत बसवा. बसवला, की ‘फाइल मोठी आहे’. एवढं करून खिडकीवरची बाई विचारते, तुमच्या लग्नाच्या दाखल्यावर अपोस्टील, म्हणजे तो खरा असल्याचा सरकारी शिक्का, कुठंय? यादीत ठळक लिहायला काय जातं हो तुमचं? सांगलीला आजी पाळणा बांधून बसलीय, तिला काय सांगू? फी मात्र आधी भरून घेतलीत, तीही परत न मिळणारी!