परदेशातून : बँडला लिहून कोण देणार?

गणपती जवळ आले की महाराष्ट्रातला नेहमीचा वाद इथे इंग्लंडमधल्या यॉर्कशरमध्येही मोबाइलवर येऊन पोचतो. एक बाजू म्हणते, डीजेच्या भिंती बंद करा, पारंपरिक वाद्यं आणा, बँड लावा. दुसरी विचारते, पोरं बँडपुढे नाचतील का, आणि डीजेवर ज्यांचं पोट आहे त्यांचं काय? निवासी भागासाठी दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबल ही मर्यादा दोघंही एकमेकांना दाखवतात. माझं मत पहिल्या बाजूला आहे. पण बँडचा आवाज कमी असतो हे त्या बाजूचं म्हणणं खरं नाही. वीस पितळी वाद्यं जवळून ऐकली तर शंभर डेसिबलच्या पुढे सहज जातात. बँड हवा तो त्यात सूर आहे म्हणून, आणि त्या सुरासाठी पथकाला कुणीतरी लिहून द्यावं लागतं. आपल्या वादात त्या माणसाचं नावही निघत नाही.

यॉर्कशरमधले बँड गिरण्यांच्या आणि खाणींच्या आधारानं उभे राहिले. क्वीन्सबरीचा ब्लॅक डाइक बँड १८५५पासून त्या गावातल्या गिरणीच्या नावानं वाजतो आहे. वादक बहुतेक हौशी, दिवसा नोकरी आणि संध्याकाळी तालीम. मँचेस्टरच्या बेल व्ह्यूला १८५३पासून स्पर्धा भरत. पण कितीतरी वर्षं हे बँड वाजवत काय होते? ऑपेरांतल्या लोकप्रिय चालींचे तुकडे जोडून केलेल्या माळा. म्हणजे आपले बँड सिनेमाची गाणी वाजवतात, तसंच. १९१३ साली लंडनच्या क्रिस्टल पॅलेसमधल्या राष्ट्रीय स्पर्धेसाठी पर्सी फ्लेचर यांच्याकडून बँडसाठीच नवी रचना लिहून घेतली आणि वळण बदललं. पुढे होल्स्ट आणि एल्गार या नामवंत इंग्रज संगीतकारांनी अनुक्रमे १९२८मध्ये आणि १९३०मध्ये याच स्पर्धेसाठी लिहिलं. सिनेमाची गाणी वाजवणं हा बँडचा दोष नाही. मुद्दाम लिहून घेणारं कुणी पुढे आलं नाही, ही खरी उणीव.

या परंपरेतला मला सर्वांत मोलाचा वाटणारा माणूस म्हणजे एरिक बॉल (१९०३–१९८९). ते वाढले मुक्तीफौजेत, म्हणजे सॅल्व्हेशन आर्मी या ख्रिस्ती सेवासंस्थेत. नगरकरांना ही संस्था बूथ हॉस्पिटलमुळे ठाऊक आहे, इथे ती रस्त्यावर वाजणाऱ्या बँडमुळे ओळखली जाते. तिच्या संगीत विभागात बॉल यांनी अनेक वर्षं लिहिलं. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात तिच्या मुख्य बँडचं नेतृत्व केलं आणि १९४४मध्ये श्रद्धेच्या प्रश्नावरून संस्था सोडली. दोनच वर्षांनी त्यांच्या हाताखाली ब्रिगहाउस अँड रास्ट्रिक बँड राष्ट्रीय विजेता ठरला. पुढे बरीच वर्षं त्यांनी बँडवाल्यांच्या साप्ताहिकाचं संपादनही केलं. लिहिणं, शिकवणं, उभं राहून वाजवून घेणं ही तिन्ही कामं एकाच माणसाच्या हातात होती, म्हणून कागदावर लिहिलेलं प्रत्यक्ष ओठांना झेपतं की नाही हे त्यांना नेमकं कळत असे.

त्यांची ‘रिसर्गम’ ही रचना १९५०च्या ब्रिटिश ओपन स्पर्धेसाठी ठरलेली परीक्षेची रचना होती. लॅटिनमध्ये त्याचा अर्थ ‘मी पुन्हा उठेन’. शेवट मोठ्या गजरात करून टाळ्या घेण्याची रीत मोडून ती रचना हळू, शांत होत संपते. वादकाची खरी परीक्षा तिथेच असते. जोरात वाजवताना हवेचा झोत ओठांना आपोआप थरथरवतो. हळू वाजवताना झोत बारीक होतो, ओठ उशिरा बोलतात, सूर फुटतो किंवा उमटतच नाही. त्यातून पंचवीस जणांनी तो एकाच क्षणी सुरू करायचा. परीक्षक बंद तंबूत बसलेले असतात, समोर कोणता बँड आहे हे त्यांना दिसत नाही. अशा स्पर्धेत कुणाचा आवाज मोठा याला काही किंमत नाही.

ब्रिटिश ब्रास बँडची बांधणी ठरलेली आहे. १० कॉर्नेट (ट्रम्पेटचा मऊ आवाजाचा भाऊ), १ फ्लूगल, ३ टेनर हॉर्न, २ बॅरिटोन, २ युफोनियम (खालच्या, भरदार आवाजाचं वाद्य), ३ ट्रॉम्बोन, ४ बास (सर्वांत खालच्या सुरांची वाद्यं), असे २५ जण, शिवाय तालवाद्यं. क्लॅरिनेट नाही, सॅक्सोफोन नाही. बास ट्रॉम्बोन सोडला तर सगळ्यांची स्वरलिपी एकाच पद्धतीनं लिहिलेली, त्यामुळे कॉर्नेटवाला उद्या बासवर बसला तरी पडद्यांची, म्हणजे दाबायच्या कळांची, बोटं तीच राहतात. चार बासवाले आळीपाळीनं श्वास घेतात म्हणून खालचा सूर तुटत नाही. चाल कॉर्नेटकडून युफोनियमकडे जाते, कारण कॉर्नेटवाल्याच्या ओठांना विसावा हवा असतो. संगीतकार हा विसावा रचनेतच लिहून ठेवतो.

आता आपली वरात बघा. तीन-तीन तास सगळे ट्रम्पेट एकच चाल, एकाच सप्तकात, सलग वाजवतात. दुसऱ्या तासाला ओठ सुजतात, तार सप्तकातला सा चिरकतो, आणि लोक म्हणतात बँडवाले बेसूर. बऱ्याच पथकांत खालचा सूर धरायला बासच नसतो. ते काम हातगाडीवरच्या कीबोर्डवर आणि स्पीकरवर येतं, आणि तिथे नवी अडचण उभी राहते. हवा १० अंशांनी तापली की ध्वनीचा वेग पावणेदोन टक्क्यांनी वाढतो आणि पितळी वाद्याचा सूर वर चढतो. श्वासामुळे हा फरक थोडा कमी होतो, तरी मे महिन्यातल्या उन्हात तो कानाला स्पष्ट कळतो. कीबोर्ड मात्र होता तिथेच राहतो. सुमारे १ मीटर ३७ सेंटिमीटर नळीचा कॉर्नेट एक टक्का खाली आणायला ट्यूनिंग स्लाइड (नळीचा सरकता भाग) सुमारे ७ मिलिमीटर बाहेर ओढावी लागते. वरात निघताना एकदा आणि मध्ये एकदा थांबून सगळ्यांनी ती जुळवायला हवी.

दुसरी चूक पट्टीची. गाणं ज्या पट्टीत रेकॉर्ड झालं, त्याच पट्टीत ते उचललं जातं. ट्रम्पेटवर पडदा न दाबता निघणारे सूर म्हणजे काळी पाचच्या सा प सा ग प सा. त्या पट्टीपासून लांब गेलं की पहिला-तिसरा, किंवा तिन्ही पडदे एकदम दाबावे लागतात, आणि हे जोड मुळातच किंचित चढे लागतात. म्हणून बँडमास्तरचं पहिलं काम गाणं काळी पाच किंवा काळी दोनमध्ये आणणं. मग तीन ओळी लिहायच्या : चाल, तिला खालून उत्तर देणारी युफोनियमची ओळ, आणि धरलेला खर्ज. यासाठी इंग्रजी नोटेशन यायलाच हवं असं नाही. भातखंडे पद्धतीची सरगम, सप्तकाचे टिंब आणि मात्रांचे विभाग एवढ्यावर पुरेसं लिहिता येतं. शिवाय प्रत्येकाचा सा त्याच्या वाद्याप्रमाणे धरला की वेगवेगळ्या पट्ट्यांची वाद्यंही एकाच कागदावर वाजतात. ज्यांना नोटेशन हवं त्यांच्यासाठी गोवा जवळच आहे. तिथे चर्चच्या शाळांनी पिढ्यान्पिढ्या वाचून वाजवणारे वादक तयार केले.

इथलं सगळं तिथे नेता येणार नाही, हेही सांगायला हवं. इथला वादक हौशी आहे. आपला वादक मोसमी मजूर आहे, आणि वाजंत्रीचं काम ज्या जातींच्या वाट्याला आलं त्यांना गावानं मान कधी दिला नाही. ब्रिगहाउसच्या हौशी वादकाला आणि होलार वस्तीतून आलेल्याला एकच उपदेश करता येत नाही. कागद न बघता शेकडो गाणी डोक्यात ठेवण्याची आपल्या बँडवाल्यांची ताकद इथे क्वचितच दिसते. आणि इथलंही फार सुखाचं चाललेलं नाही. बँडसाठी नावाजलेल्या इथल्या ग्राइमथॉर्प गावाची कोळसा खाण १९९३मध्ये बंद पडली. बँड टिकला, गाव खचलं.

म्हणून मंडळांना माझी विनंती वेगळी आहे. पुण्यात प्रभात, दरबार यांच्यासारखी नावाजलेली पथकं आहेत, आणि तालुक्यातालुक्यांत छोटीही आहेत. सुपारी देताना वाजवण्याचे पैसे एक आणि लिहिण्याचे पैसे दुसरे, असे दोन आकडे ठरवा. सहा मिनिटांची एक नवी रचना, आपल्या पथकातले १५ किंवा २० जण मोजून, त्यांच्याच वाद्यांसाठी. दिवाळीत बँडमास्तरला सांगितलं तर उन्हाळ्यातल्या लग्नसराईआधी कागद तयार होतो. आषाढात मुहूर्त थांबतात आणि गणपतीपर्यंतचे आठवडे पथकाला कामच नसतं. त्या आठवड्यांच्या तालमीचाही रोज द्या.