जेन फोंडा आणि हनोईतल्या चिठ्ठ्या

इंटरनेटवर १९९९ पासून फिरणारा मजकूर थोडक्यात असा: व्हिएतनाम युद्ध चालू असताना, जुलै १९७२ मध्ये, युद्धविरोधी अमेरिकी अभिनेत्री जेन फोंडा शत्रुपक्षाच्या, म्हणजे उत्तर व्हिएतनामच्या, राजधानीत हनोईत अमेरिकी युद्धकैद्यांना भेटली. हस्तांदोलन करताना कैद्यांनी सोशल सिक्युरिटी नंबर (अमेरिकी सरकार प्रत्येक नागरिकाला देते तो ओळख क्रमांक) लिहिलेल्या चिठ्ठ्या गुपचूप तिच्या हातात सरकवल्या. तिने त्या तुरुंगाधिकाऱ्याला देऊन टाकल्या आणि नंतरच्या मारहाणीत तिघे दगावले.

फोंडावर राग जरूर असावा, पण ही कथा सपशेल खोटी आहे.

चिठ्ठ्यांचेच पाहा. नाव, हुद्दा, जन्मतारीख आणि सेवा क्रमांक एवढे युद्धकैद्यांविषयीच्या जिनिव्हा करारानुसार कैद्याने पकडणाऱ्याला सांगायचेच असते. अमेरिकी हवाई दलात तर १९६९ पासून सोशल सिक्युरिटी नंबर हाच सेवा क्रमांक होता. मग लपवायचे काय आणि फोडायचे काय?

तिघांचे मृत्यू? ती सात कैद्यांना भेटली आणि ते सातही जिवंत मायदेशी परतले. ज्या दोन वैमानिकांच्या नावावर हे किस्से खपवले गेले, त्यांनीही ते नाकारले; त्यातला एक तर तिला कधी भेटलाच नव्हता.

मजकूर टिकला तो त्यात खऱ्याची भेसळ आहे म्हणून. त्याच्या शेवटी १९६८ मध्ये पकडलेल्या एका नागरी सल्लागाराची हकीकत जोडलेली असते. ‘फोंडाला भेटशील का?’ या प्रश्नावर ‘भेटेन, पण इथली खरी परिस्थिती सांगेन’ असे उत्तर दिल्याबद्दल आपल्याला तीन दिवस हात पसरून गुडघ्यांवर बसवले, हातांवर लोखंडी सळई ठेवली, असे त्याने स्वतः लिहिले आहे. शिवाय तिला भेटलेल्या सातांपैकी एकाने, भेटीला तयार व्हावे म्हणून आपला छळ झाला, असे परतल्यावर सांगितले. ही माणसे खरी आहेत. बनावट चिठ्ठ्यांमुळे त्यांच्याच बोलण्यावर संशय येतो.

‘देशद्रोह सिद्ध झाला, पण ती पैशाने सुटली’ हेही चूक. खटलाच भरला गेला नाही. देशद्रोहात दोषी ठरवायला अमेरिकी राज्यघटनेला एकाच उघड कृत्याचे दोन साक्षीदार किंवा खुल्या न्यायालयातली कबुली लागते.

तिच्याविरुद्धचा खरा पुरावा तसाही उघड्यावर आहे. हनोई रेडिओवरच्या तिच्या भाषणांच्या नोंदी अमेरिकी संसदीय समितीसमोर सप्टेंबर १९७२ मध्येच आल्या. उत्तर व्हिएतनामच्या विमानविरोधी तोफेवर हेल्मेट घालून बसलेला तिचा फोटो खरा आहे; त्याबद्दल १९८८ मध्ये तिने दूरचित्रवाणीवर माफी मागितली. आणि १९७३ मध्ये छळाच्या कहाण्या सांगणाऱ्या, नुकत्याच सुटून आलेल्या कैद्यांना तिने ढोंगी आणि खोटारडे म्हटले होते. टीका करायचीच तर या वाक्यावर करा. आमच्या मते ते तोफेवरच्या फोटोपेक्षा वाईट आहे.