आन्ना मान्यानी आणि बाणाचा ण

परवा रात्री भाचीचा व्हॉइस मेसेज आला. पुण्यात कॉलेजच्या एकांकिकेच्या तालमी चालू आहेत. हिला मुख्य भूमिका मिळाली होती, ती तिसऱ्याच दिवशी गेली. "मामा, मी पानी म्हन्लं की समदी हसत्यात. सर म्हनले, तू मोलकरीण कर, तिथं तुझी भाषा चालंल." आम्ही बार्शीकडचे. पुण्यात शिकायला आल्यावर मीही वर्षभर आरशासमोर बाणाचा ण घोटला होता. त्यामुळे हसू आलं नाही.

यावरचे आपले वाद ठरलेले. एक बाजू म्हणणार, रंगमंचावर वाणी शुद्धच हवी. दुसरी म्हणणार, खरा गोडवा बोलीतच. २०२४ साली मराठीला अभिजात दर्जा मिळाला, तेव्हापासून दोघांचेही आवाज चढलेत. मला या भांडणात इटालियन अभिनेत्री आन्ना मान्यानी आठवते, कारण मी तिच्या गावात, रोममध्ये राहतो.

रोमच्या पिन्येतो भागात माझं घर आहे. तिथून चालत जाण्याइतक्या अंतरावर मोन्तेकुक्कोली नावाचा रस्ता आहे, दोन्ही बाजूंना जुन्या चाळवजा इमारती. १९४५ च्या 'रोमा चित्ता आपेर्ता' या चित्रपटात याच रस्त्यावर पीना धावते. ज्याच्याशी त्याच दिवशी लग्न व्हायचं, त्याला जर्मन शिपाई ट्रकमधून नेत असतात. "फ्रान्चेस्को!" अशी तिची हाक संपायच्या आत गोळी लागते. १९५२ साली मुंबईत भारताचा पहिला आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव भरला, तेव्हा आपल्या लोकांनीही ही पीना पाहिली. ती मान्यानी.

रोमची बोली म्हणजे काय, ते मला बाजारात कळलं. 'क्वान्दो' म्हणजे 'केव्हा'. आमची भाजीवाली म्हणते 'क्वान्नो'. जग म्हणजे 'मोन्दो', तिचं 'मोन्नो'. मी परीक्षा देऊन शिकलेलं घोटीव इटालियन बोलतो आणि ती मला हसते. इथे उलटा न्याय!

पण म्हणून इटलीला डोक्यावर घ्यायचं कारण नाही. मुसोलिनीच्या राजवटीला बोली खपत नव्हत्या. चित्रपटात संवाद मागाहून भरत. चेहरा एकाचा, आवाज प्रमाण भाषेत तयार झालेल्या दुसऱ्याचा, हे सर्रास चाले. मान्यानीचा घोगरा आवाज मात्र तिचाच राहिला. युद्धाच्या काळात तिने तोतो या विनोदी नटाबरोबर रंगमंचावर संगीत-विनोदी रेव्ह्यू गाजवले होते. समोरचा प्रेक्षक ओरडला तर त्याच्याच भाषेत परतवायचं, अशी ती रंगभूमी. आपल्या तमाशातल्या बतावणीची आठवण व्हावी.

भाचीला मी १९५१ चा 'बेल्लिस्सीमा' बघायला सांगितला. घरोघर इंजेक्शनं देत फिरणारी मद्दालेना आपल्या लहानग्या मुलीला सिनेमात घालायला निघते. पैपैसा करून तिला अभिनयाची शिकवणी लावते. मग स्टुडिओत मुलीची चाचणी पडद्यावर दाखवतात, तेव्हा ही प्रोजेक्शनच्या खोलीतून चोरून बघते. पडद्यावर पोर रडतेय आणि खाली बसलेली मोठी माणसं खो खो हसताहेत. त्या वेळचा मान्यानीचा चेहरा पाहिला की मला कॉलेजची ती तालीम दिसते.

बोलीच्या बाजूने बोलणाऱ्यांनाही एक सांगायचंय. मान्यानी अडाणी नव्हती. आजीकडे वाढली, नाट्यशाळेत रीतसर शिकली. प्रमाण भाषा तिला येत होती. रोमची बोली तिने हत्यारासारखी वापरली. तरी निर्मात्यांनी तिला जन्मभर वस्तीतली, पदर खोचून भांडणारी बाईच दिली, आणि त्याचा तिला वीट आला होता. ही दुसऱ्या प्रकारची मोलकरणीची भूमिकाच. आपल्याकडे 'वस्त्रहरण'ने मालवणी डोक्यावर घेतली, 'सैराट'ने करमाळ्याची नायिका दिली, आणि पुन्हा बोली आली ती बहुतेक हसवायला. गावाकडची पोरगी गावाकडच्या भाषेत न्यायाधीश का नाही होत? किंवा नुसतीच एखाद्याच्या प्रेमात का नाही पडत, विनोद न होता?

अमेरिकन नाटककार टेनेसी विल्यम्सने 'द रोझ टॅटू' हे नाटक तिला डोळ्यांसमोर ठेवून लिहिलं. इंग्रजी पुरेसं नाही म्हणून तिने ब्रॉडवेला, म्हणजे न्यूयॉर्कच्या रंगमंचावर ते करायला, नकार दिला. १९५५ साली चित्रपट केला तो इटालियन हेल लपवून इंग्रजी बोलून नव्हे, तो हेल तसाच ठेवून. भूमिकाच अमेरिकेत राहणाऱ्या सिसिलियन बाईची होती. त्यासाठी तिला ऑस्कर मिळालं. पंधरा वर्षं परदेशात हेल लपवत नोकरी केलेल्या माणसाला याचा थोडा हेवा वाटतो, हे कबूल करतो.

पडद्यावर ती शेवटची दिसली १९७२ च्या 'रोमा' या चित्रपटात. रात्री त्याचा दिग्दर्शक फेदेरिको फेल्लिनी तिच्या दारापर्यंत येतो, काही विचारायला बघतो. ती म्हणते, "फेदेरी, जा, झोप जा." झोपणे म्हणजे 'दोर्मीरे', ती म्हणते 'दोर्मी', शेपूट तोडून, रोममध्ये म्हणतात तसं. तुझ्यावर भरवसा नाही म्हणते, शुभरात्री म्हणते आणि दार लावून घेते.

तेवढाच तुकडा भाचीला पाठवला. उत्तर आलं, "मामा, हे मी सरांना म्हनू का?"