सेंट किल्डाचा फॉरवर्ड आणि धनुर्वाताचं इंजेक्शन

आमच्या नागपूरच्या सगळ्या फॅमिली ग्रुपवर सध्या स्कॉटलंडच्या सेंट किल्डा बेटाचा एक फॉरवर्ड फिरून राहिलाय. गावकऱ्यांचे जुने ब्लॅक अँड व्हाइट फोटो आणि खाली लिहिलंय की ना डॉक्टर, ना लस, ना पैसा, शेती शंभर टक्के सेंद्रिय, पोरं दणकट, आणि 1930 मध्ये सरकारने त्यांना हाकललं. मी सोडून दिलं असतं, पण मावशीने तो वहिनीला पाठवला, तिला सातवा महिना चालू, आणि वरून लिहिलं, "ते धनुर्वाताचं इंजेक्शन कायले घेतेस?"

पोरं दणकट म्हणे! अगं मावशी, ज्या आजाराचं ते इंजेक्शन आहे ना, त्याच आजाराने त्या बेटावरची बाळं जात होती. जन्म-मृत्यूची नोंद आहे तिथली, एकोणिसाव्या शतकात कित्येक वर्षं जन्मलेल्यांतली अर्ध्याहून जास्त बाळं पहिल्या दोन आठवड्यांतच गेली, नाळेतून धनुर्वात. सगळे त्याला आठ दिवसांचा आजार म्हणायचे आणि देवाची मर्जी म्हणून गप्प बसायचे. फोटोत दिसतात ती वाचलेली पोरं, गेलेल्यांचे फोटो कोण काढणार? हे थांबलं 1890 च्या दशकात, अँगस फिडीस नावाचा तिथला पाद्री ग्लासगोला जाऊन नाळ जंतुनाशक लावून कशी सांभाळायची ते शिकून आला तेव्हा. म्हणजे डॉक्टरी विद्येनेच. आपल्याकडे नवजात बाळांचा धनुर्वात आटोक्यात आल्याचं जागतिक आरोग्य संघटनेने 2015 मध्ये मान्य केलं, ते काय फॉरवर्ड वाचून झालं का?

सेंद्रिय शेतीचं म्हणाल तर रासायनिक खत नव्हतं हे खरं, मान्य. पण बार्ली, ओट्सच्या वावरात ते चुलीतली राख आणि खाऊन उरलेले समुद्रपक्षी टाकत, पिढ्यान् पिढ्या, आणि 2006 मध्ये ॲबर्डीनच्या संशोधकांनी तीच माती तपासली तर त्यात शिसं आणि जस्त साचलेलं निघालं.

पैसा फारसा नव्हता, बरोबर, पण जमीनदार होताच ना, त्याला भाडं म्हणून पिसं, पक्ष्यांचं तेल आणि हाताने विणलेलं कापड द्यावं लागे.

आणि हाकललं कुणीच नाही बाप्पा. आम्हाला इथून न्या असा अर्ज बेटावरच्यांनीच 10 मे 1930 ला केला, त्यावर 20 जणांच्या सह्या आहेत, आणि 29 ऑगस्टला उरलेले 36 जण बोटीत बसून निघून गेले.