आमच्याच पेठेत आम्हालाच फिरवून आणलं

सकाळपासून डोकं ठणकतंय. लिहून टाकते, म्हणजे तरी थंड होईल. पोस्ट मोठी होणार आहे, ज्यांना वेळ नाही त्यांनी लाईक करून पुढं जावं. राग नाही.

भाची आणि जावई आलेत पुण्याहून. सोबत जावयांच्या कंपनीतलं एक जोडपं, जर्मनीचं. त्यांनी मोबाईलवरूनच बुकिंग करून ठेवलेलं. खासगी वॉकिंग टूर, जुनं कोल्हापूर तीन तासांत, सोबत गाईड. माणशी दोन हजारांच्या वर! मी म्हटलं, अगं, मी फुकट फिरवते की, वर चहा पाजते. तर भाची म्हणाली, "मावशी, तुझं इंग्रजी महाद्वारातच बंद पडतं." आता यावर काय बोलणार? गेले मागनं गपगुमान.

गाईड म्हणजे पंचविशीतलं पोरगं. निळा टी-शर्ट, गळ्यात ओळखपत्र, कमरेला चिमुकला स्पीकर. इंग्रजी फर्डं. अंबाबाईच्या देवळात त्यानं चांगलं सांगितलं, उगाच नावं ठेवणार नाही. देऊळ पश्चिमेला तोंड करून आहे, नोव्हेंबरात 9, 10, 11 ला आणि पुन्हा 31 जानेवारी, 1 आणि 2 फेब्रुवारीला मावळतीची किरणं महाद्वारातून थेट गाभाऱ्यात येतात, एक दिवस पायांवर, एक दिवस छातीपर्यंत, एक दिवस मुखावर. ती जर्मन बाई तोंडाचा आ करून ऐकत होती. त्याच किरणांच्या वाटेत आपणच महाद्वार रोडला मजल्यावर मजले चढवलेत, हे त्यानं सांगितलं नाही. देवळातल्या मणिकर्णिका कुंडापाशी तर थांबलाच नाही. थांबून सांगणार तरी काय? हे पवित्र कुंड आम्हीच बुजवलं, वर शौचालय बांधलं आणि मग परत उकरून काढलं, असं? जाऊ दे.

खरी तिडीक गेली ती पुढं.

देवळातनं निघून आम्ही बाबूजमालच्या दर्ग्यावरनं चाललो होतो. ती जर्मन बाई आपणहून थांबली. दाराकडं बघत तिनं विचारलं, हे काय आहे? पोरगं घड्याळात बघत म्हणालं, इथं काही नाही मॅम, लोकल लोक येतात, आपल्याला पुढच्या स्टॉपला उशीर होतोय. आणि चालायला लागलं.

इथं काही नाही!

बाबूजमालच्या दारात उभं राहून! ज्या दर्ग्याच्या दारावर गणपती आहे, जिथं मोहरमात पंजा बसतो आणि त्याच्यापुढं अख्ख्या पेठेतल्या बायका नारळ घेऊन रांगेत असतात, तिथं काही नाही. माझ्या आईनं माझ्या धाकट्या भावासाठी इथंच नवस बोलला होता आणि फेडायला आम्ही सगळी भावंडं नवे कपडे घालून आलो होतो. खाली मान घालून आत जायचं आणि बाहेर येताना वर गणपतीला हात जोडायचे, हे कुणी शिकवलं नाही, बघून बघूनच आलं. हे दुसऱ्या कुठल्या शहरात त्या बाईला दिसणार होतं हो? आणि आजच्या दिवसांत? तुम्हाला वेगळं सांगायला नको.

मी तिला हाताला धरून थांबवलं, वर बोट दाखवलं. "गणपती," म्हटलं, एवढं इंग्रजी मला येतं. ती एकदा दाराकडं बघतीय, एकदा वर, एकदा माझ्याकडं. एवढ्यात स्पीकरमधनं आवाज आलाच, प्लीज मूव्ह फास्ट.

एवढी घाई कशाची, ते पाच मिनिटांत कळलं. पुढचा स्टॉप म्हणजे चपलांचं दुकान. तिथं मात्र पाऊण तास! थंडगार एसी, सरबत, बसायला गाद्या. आता पाहुण्यांना खरेदी करायची असते, हे मलाही कळतं, आणि दुकानदारानं गाईडला दोन पैसे दिले तर माझं काही जात नाही. पण तिथं सांगितलं काय? म्हणे, राजाच्या पायताणाचा करकर आवाज ऐकून शत्रू पळून जायचे. आणि मग प्राडा, ती इटलीची महागड्या फॅशनची कंपनी. मिलानला 2025 च्या जून महिन्यात प्राडानं आपल्यासारख्या चपला मॉडेलच्या पायात घातल्या, म्हणजे बघा किती भारी वस्तू आहे, घ्या.

माझ्या पायात तेव्हा सुभाषनगरच्या एका कारागिराकडनं करून घेतलेली जोडी होती. ती काढून त्या बाईच्या हातात दिली. (भाचीनं कपाळाला हात लावला, पण लावू दे.) तिला वेणी दाखवली, कातडं मशिनवर नाही, हातानं कापून गुंफलेलं. तळाचं कातडं बाभळीच्या सालीत आणि हिरड्यात कमावतात, दिवसचे दिवस, म्हणून त्याला तो वास आणि तो रंग. आणि करकर वाजतं ते तळाच्या दोन थरांमध्ये विंचू घालतात म्हणून, बिया असतात त्या. शत्रूबित्रू काही नाही, ऐटीत चालणाऱ्याची हौस! भाची बिचारी इंग्रजी करून सांगत होती. बाई चप्पल कानाशी नेऊन वाकवून बघायला लागली.

तेव्हा प्राडाच्या नावानं आपण सगळ्यांनी किती शंख केला, आठवतंय? मीही चार पोस्ट टाकल्या होत्या. त्यांनी कोल्हापूरचं नाव घेतलं नाही, 2019 साली जीआय म्हणजे भौगोलिक मानांकन मिळालेली आपली वस्तू, आपल्या चर्मकार कारागिरांची कला चोरली, वगैरे. अहो, मग आज काय झालं? कोल्हापुरात, कोल्हापुरी चपलेच्या दुकानात, पाऊण तासात ती शिवणाऱ्या माणसांचा एका शब्दानं उल्लेख नाही. मिलानवाल्यानं नाव घेतलं नाही तर चोरी, आणि आपण नाही घेतलं तर टूर!

बाबूजमालला दोन मिनिटं नाहीत, आणि गादीवर पाऊण तास. हे काही डोक्यातनं जात नाहीये.

बरं, तीन तासांत सगळं दाखवता येत नाही, मान्य. पण वाटेवर आहे ते तरी? छत्रपती शिवाजी चौकात फोटोसाठी थांबलो. पोरगं म्हणालं, ग्रेट मराठा किंग, सेल्फी पॉइंट. अरे बाळा, त्या जागेवर आधी कोण उभा होता? गव्हर्नर विल्सन! 1942 च्या चळवळीत भागीरथीबाई तांबट आणि जयाबाई हाविरे या दोघी बायकांनी त्याचा पुतळा विद्रूप केला. कोल्हापूरच्या बायका, भरचौकात, इंग्रज सरकारच्या साहेबाचं तोंड! 1945 ला तिथं शिवाजी महाराज उभे राहिले. माझी आजी सांगायची तेव्हा तिचा आवाज असा काही बारीक व्हायचा की जणू पोलीस अजून बोळाच्या तोंडाशी उभेच आहेत. ही गोष्ट त्या चौकात उभं राहून सांगायला किती वेळ लागतो? मी सांगितली. फोटो काढायला लागतो त्याच्यापेक्षा कमी वेळ लागला.

आणि शाहू महाराज? आख्ख्या तीन तासांत शाहू महाराज आले ते खासबागेत, कुस्तीचा शौकीन राजा म्हणून. बास. 1912 चं मैदान, कुठं बसलात तरी मधला आखाडा दिसतो, हे सगळं खरंच आहे आणि आपल्याला त्याचा अभिमान आहेच. पण 1902 साली मागासलेल्यांना निम्म्या जागा राखून ठेवणारा राजा, त्याला तुम्ही नुसता लाल मातीत उभा करणार? भाऊसिंगजी रोडला गंगाराम कांबळेंना हॉटेल काढून दिलं आणि अस्पृश्याच्या हातचा चहा प्यायला स्वतः गाडी थांबवून जायचे, त्याच्याबद्दल चकार शब्द नाही. चहा तरी पाजायचा तिथं उभं करून, टूरमध्ये 'चहा समाविष्ट' लिहिलंय! बिंदू चौकातनं तर आम्ही नुसते आरपार गेलो. महात्मा फुले आणि बाबासाहेबांचे पुतळे तिथं 1950 साली बसले, बाबासाहेब हयात असताना. जर्मन माणसाला हे कळलं नसतं? त्यांना कळलं असतं हो, पुतळे कुणाचे ठेवायचे आणि कुणाचे काढायचे, हे त्यांना आपल्यापेक्षा जास्त कळतं.

लिहिता लिहिता जरा शांत झाले होते, पण आता केशवराव भोसले नाट्यगृहाचं लिहायचंय.

खासबागेला लागूनच ना ते. पोरगं जाता जाता म्हणालं, अंडर रिनोव्हेशन. खोटं नाही, काम हाती घेतलंय. पण 8 ऑगस्ट 2024 ची ती रात्र कोल्हापुरात ज्यांनी काढली, त्यांना विचारा. दुसऱ्या दिवशी गायक-नट केशवरावांची जयंती, आणि आदल्या रात्री 1915 चं थिएटर डोळ्यांदेखत जळत होतं. आम्ही गच्चीवरनं आधी नुसता उजेड बघितला, मग वास आला, लाकडाचा. हे चप्पल अडकवून तसेच पळाले. रस्त्यावर मोठमोठी माणसं, रंगमंचावर आयुष्य घालवलेली, लहान पोरांसारखी रडत होती. मी पहिलं नाटक तिथं बघितलं, बाबांच्या मांडीवर बसून, आणि नाटकापेक्षा पडदा वर कसा जातो त्याचंच नवल वाटत होतं. भाचीनं हे सगळं त्या नवरा-बायकोला सांगितलं असावं, कारण ती दोघं मग बराच वेळ पत्र्याच्या कुंपणापाशी उभी होती. तिथं मात्र पोरगं काही बोललं नाही. घड्याळही बघितलं नाही, हे सांगायला पाहिजे.

टूर संपल्यावर मी त्याला घरी चहाला आणलं. येत नव्हतं, ओढूनच आणलं. तर राधानगरीकडचं निघालं! म्हटलं, अरे लेका, शाहू महाराजांनी सुरू केलेल्या धरणाच्या गावचा तू, आणि बाबूजमालला 'इथं काही नाही' म्हणतोस? खाली मान घालून बिस्कीट बुडवत बसलं. मग सांगायला लागलं. स्पर्धा परीक्षेचा अभ्यास करतोय, सकाळी हे काम. कंपनीचं ऑफिस बाहेरगावी. त्यांनी इंग्रजीत लिहिलेला कागद पाठवला, तो पाठ करायचा. कुठं किती मिनिटं तेही कागदावर. दुकानात उशिरा पोचलं तर पैसे कापतात. आम्ही माणशी जे भरले, त्यातले एका टूरला त्याच्या हातात येतात काही शे रुपये. "काकू, मला दर्ग्याचं माहिती हाय की. आमच्या गावात पण बसत्यात पंजे. पर कागदात न्हाई."

आता या पोरावर काय चिडणार?

चिडायचं ते कागद लिहिणाऱ्यावर. त्यानं कोल्हापूर बघितलंय की नाही, देव जाणे. देवी, चप्पल, साज, तांबडा-पांढरा, झालं कोल्हापूर. आणि खरं सांगू, असला कागद चालतो, कारण आपणही पाहुण्यांना तेवढंच दाखवतो. गाडीवर 'नाद खुळा' लिहिलं की संपलं. कपिलतीर्थाच्या मंडईत रोज कोथिंबिरीसाठी भांडतो, पण तिथं तीर्थ होतं हे पोरांना सांगतो का? गांधी मैदान म्हणजे वरुणतीर्थ, शाहू स्टेडियम म्हणजे रावणेश्वराचं तळं, पाण्यावर वसलेलं गाव होतं हे. ब्रह्मपुरीच्या टेकडीत 1945-46 ला उत्खनन झालं, रोमन बनावटीचा समुद्रदेव तिथंच सापडला, ब्राँझचा, एवढासा. टाऊन हॉलच्या म्युझियममध्ये आहे तो. दोन हजार वर्षांपूर्वी ज्या गावाचा रोमशी व्यवहार होता, त्याला मिलानच्या सर्टिफिकेटवर विकायचं?

कुणीतरी आता कमेंटला येईल, ताई, मग तुम्हीच टूर काढा. नाही काढणार. गुडघे दुखतात आणि इंग्रजीचं वर सांगितलंच आहे. पण पेठापेठांत अशी माणसं बसलीत की ज्यांना प्रत्येक बोळ, प्रत्येक तालीम पाठ आहे. कंपनीनं त्यांना एक सकाळ विचारावं, त्यांचे पैसे द्यावेत आणि मग कागद लिहावा. कोल्हापुरी माणूस फुकट सांगेल, हे खरं, पण तुम्ही दोन हजार घेता तर त्यानं फुकट का सांगायचं?

संध्याकाळी भाचीच्या मोबाईलवर विचारणा आली, टूर कशी वाटली, तारे द्या. भाची म्हणाली, मावशी, कमी देऊ नको, त्याचा परिणाम पोराच्या पगारावर होतो. पाचच्या पाच दिले. रस्ता आखणाऱ्याला तारे द्यायची जागा ॲपमध्ये कुठं सापडली नाही. म्हणून मग खाली सूचनेच्या चौकटीत बाबूजमाल, भागीरथीबाई, जयाबाई, गंगाराम कांबळे, सुभाषनगर एवढं सगळं मराठीतच लिहिलं आणि पाठवून दिलं. करून घ्या म्हणावं भाषांतर, माणशी दोन हजार घेताय ना.

उद्या ती दोघं पन्हाळ्याला निघालीत. तिथंही गाईड बुक आहे म्हणे. मी नाही जाणार.

(नाही म्हणजे, गाडीत जागा असेल तर बघू.)