लोकेशन 'शोधलं' नव्हतं हो, बांधलं होतं!

सकाळी सकाळी डोकं फिरलंय. एका सिनेमाबद्दल कोणीतरी भलीमोठी पोस्ट टाकलीये, 'कॅमेरामनने काय घर टिपलंय, असं लोकेशन शोधायला नजर लागते', आणि खाली बदामांचा पाऊस. अहो, ते घर कोणी शोधलेलं नाहीये! प्लाय, पीओपी आणि रंग आहे तो, मागच्या बाजूने बघाल तर नुसते टेकू. प्रॉडक्शन डिझायनरचं, म्हणजे सिनेमातली घरं, खोल्या, वस्तू कशा दिसणार हे ठरवून उभं करणाऱ्याचं, नाव पोस्टमध्ये नाही, कमेंटमध्ये तर नाहीच नाही.

मी काही वर्षं आर्ट डिपार्टमेंटला असिस्टंट होते. एका रिटायर्ड क्लार्कची खोली उभी करत होतो. आमच्या सरांनी, म्हणजे प्रॉडक्शन डिझायनरने, पहिल्याच मीटिंगला बघून ठेवलेलं की तो रोल करणारा नट डावखुरा आहे, झालं, आमची अख्खी खोली उलटी झाली. टेबलाचा डावा ड्रॉवर झिजलेला, उजव्याची मूठ जवळजवळ कोरी, शाईचे डाग डावीकडे, खुर्चीचा डावा हात पॉलिश पेपरने घासून घासून गुळगुळीत. डायरेक्टर म्हणाले, हे कोण बघणारे? सर त्यांना काहीच बोलले नाहीत, मला म्हणाले, अजून जरा घास.

आता हा प्रश्न सगळीकडे, सगळ्यांना विचारतात. 'डॉ. स्ट्रेंजलव्ह'मध्ये डिझायनर केन अ‍ॅडमने वॉर रूमचं ते प्रचंड गोल टेबल केलं, त्यावर डायरेक्टर कुब्रिकने हिरवं कापड लावायला लावलं, पोकरच्या टेबलासारखं. सिनेमा ब्लॅक अँड व्हाइट! हिरवा कोणाला दिसणार होता? पण टेबलाभोवती बसलेल्या नटांना दिसत होता ना.

आमचा नट सेटवर आला, बसला, इकडेतिकडे बघितलं आणि कोणी न सांगता डावा ड्रॉवर उघडून चष्मा काढला. स्क्रिप्टमध्ये नव्हतं हे. डायरेक्टरने तेच ठेवलं आणि पुढे सगळ्यांना सांगत फिरले की नटाने काय सुंदर इम्प्रोव्हाइज केलं. केलंच त्याने, पण चष्मा त्याच ड्रॉवरमध्ये कोणी ठेवला होता?

बरं, कॅमेरामनचं श्रेय असतं, मान्य. सत्यजित रायांच्या 'अपराजितो'मधलं बनारसचं घर आर्ट डायरेक्टर बन्सी चंद्रगुप्तांनी स्टुडिओत बांधलं आणि कॅमेरामन सुब्रत मित्रांनी वर कापड ताणून त्याच्यावरून लाइट बाउन्स केला, तेव्हा कुठे अंगणातला उजेड आला. १९५६ चा सिनेमा. मित्रांचं कौतुक व्हायलाच हवं, पण उजेड पडायला आधी अंगण लागतं की नाही? आणि हो, काही डिझायनर नुसती झुंबरं टांगून पाट्या टाकतात, तेही बघितलेत.

१९३९ मध्ये 'गॉन विथ द विंड'साठी विल्यम कॅमेरॉन मेन्झीजला प्रॉडक्शन डिझायनर म्हणून क्रेडिट मिळालं, कारण सिनेमा कसा दिसणार हे त्याने सीनमागून सीन काढून ठेवलं होतं. ऑस्करवाल्यांनी 'आर्ट डायरेक्शन'च्या अवॉर्डला 'प्रॉडक्शन डिझाइन' हे नाव द्यायला २०१२ उजाडलं. सत्तरच्या वर वर्षं! मग फेसबुकवाल्यांवर काय चिडायचं म्हणा.

तरी चिडतेच. स्क्रिप्ट फोडून प्रत्येक खोलीची, प्रत्येक वस्तूची यादी करायची, फ्लोअर प्लॅन, मॉडेल, कॅमेऱ्याला जागा हवी म्हणून भिंत सरकती ठेवायची, बजेट कापलं की अर्धं घर कागदावरच सोडायचं आणि उरलेल्या अर्ध्यात ते अख्खं वाटायला लावायचं. शूटिंग सुरू व्हायच्या कितीतरी आधीपासून हे चालू असतं. पॅकअप झालं की सेट मोडायला घेतात, कारण फ्लोअर पुढच्याला द्यायचा असतो. आमची खोली मोडली तेव्हा मी तिथे थांबलेच नाही.

त्या ड्रॉवरचं म्हणाल तर एडिटमध्ये क्लोजअप घेतला, त्यामुळे तो फ्रेमच्या खालच्या कडेला आहे, तोही आउट ऑफ फोकस. थिएटरमध्ये मी शेजारच्या बाईंना कोपराने ढोसून दाखवला. त्यांनी माझ्याकडे असं बघितलं की विचारू नका, पण मला फार भारी वाटलं.

इनबॉक्समध्ये एका मैत्रिणीने विचारलंय, लेकीला या लाइनमध्ये यायचंय, पाठवू का, तिचं ड्रॉइंग चांगलंय. पाठव गं. आर्किटेक्चर, फाइन आर्ट, नाटकाचं नेपथ्य, कुठूनही येता येतं. ड्रॉइंगपेक्षा ती दुसऱ्यांच्या घरी गेल्यावर काय काय बघते ते विचार तिला. आणि दोन सिनेमांच्या मधल्या काळात पैसे नसतात हे आत्ताच सांगून ठेव, नंतर माझ्या नावाने खडे फोडायचे नाहीत.