सिनेमात मावशी घेऊ नका

बेळगावात राहून सिनेमा करायचा म्हणताय? करा की. जागा उत्तम आहे. मुंबई आणि बंगळूर दोन्ही साधारण ५०० किलोमीटर, त्यामुळे दोन्हीकडच्या निर्मात्यांना तुमचा फोन न उचलण्यासाठी सारखीच सोय. फक्त एक पथ्य पाळा. माणसांचा सिनेमा करू नका, आणि एकाच माणसाचा तर मुळीच नको.

समजा, तुमच्या डोक्यात एक मावशी आहे. निपाणीची. उभा जन्म विड्या वळण्यात गेला, आता एकटी राहते. पानं भिजवते, कात्रीनं मापात कापते, मांडीवर सूप घेऊन वळत बसते. हजार झाल्या की मजुरी. तुम्हाला वाटतं, कॅमेरा तिच्या बोटांवर ठेवावा आणि आपण गप्प बसावं. पण मावशी गप्प बसत नाही, तिथंच घोटाळा आहे. ती देवाशी मराठीत बोलते, दूधवाल्याशी कन्नडमध्ये भांडते आणि लेकीला फोनवर एकाच दमात ‘हौद्री’ही म्हणते, ‘होय की गं’ही म्हणते. मधे भाषा बदलली हे तिच्या गावीही नसतं.

पटकथा वाचायला द्या, पहिला प्रश्न येईल: “हा सिनेमा नेमका कुणाच्या बाजूचा?” आपली माणसं विचारतील, ती कन्नड बोलते ते दाखवायलाच हवं का? दुसरी माणसं विचारतील, एवढंच का बोलते? पुण्याचा मित्र मात्र खरा हळहळेल. “अरे, बेळगावचा सिनेमा आणि सीमाप्रश्न नाही? १९५६ पासूनचा विषय, २००४ पासून सुप्रीम कोर्टात दावा. मावशी कधी मोर्चाला गेली होती का?” नव्हती गेली. त्या दिवशी तिची हजारी पुरी व्हायची होती. हे त्याला सांगू नका, माणूस फार खचतो.

तेव्हा मावशी काढा, मोर्चा घाला. मोर्चाला संवाद लिहावे लागत नाहीत.

ऐकणारच नसाल तर निदान रंग सांभाळा. मावशीच्या देव्हाऱ्यात हळदीकुंकवाचा करंडा असणार. पिवळा आणि तांबडा, शेजारी शेजारी. कन्नड झेंड्याचे रंग तेच, आणि त्यांचा अर्थही हळद आणि कुंकूच. देव्हाऱ्यावर मात्र भगवी पताका. एका क्लोजअपमध्ये तुम्ही दोन्ही बाजूंना दुखावलंत, आणि मावशीनं अजून दिवाही लावलेला नाही. १ नोव्हेंबरला कर्नाटकाचा राज्योत्सव आणि इथल्या मराठी माणसांचा काळा दिवस, त्याच्या आसपास शूटिंग असेल तर तिला काळं लुगडं नेसवू नका. डिसेंबरही टाळा. बेळगावात कर्नाटक विधिमंडळाचं अधिवेशन भरतं, लॉजवर खोली मिळत नाही, तुमच्या साउंडवाल्याला मावशीच्याच सोप्यावर झोपावं लागेल. आवाज तिथं उत्तम मिळतो म्हणा, रात्रभर ती घोरते.

पैशाचं बघू. बंगळूरच्या अनुदानात कन्नडबरोबर तुळू, कोकणी, कोडव यांनाही जागा आहे. मावशीचं कन्नड अर्धंच, मग अनुदान अर्धं मागायचं का? मुंबईत मराठी सिनेमाला दर्जा बघून अनुदान मिळतं. तिथं मावशीनं “काय करूलालास रे?” म्हटलं की परीक्षक सबटायटल शोधतात. अर्जात विष्णुदास भावे जरूर घाला: १८४३ साली सांगलीत त्यांनी पहिलं मराठी नाटक केलं ते कर्नाटकातल्या भागवत मंडळींचे खेळ बघून. संगीत नाटकवाले अण्णासाहेब किर्लोस्करही घाला, जन्म गुर्लहोसूरचा, म्हणजे आपल्याच जिल्ह्यातला. मेलेल्या माणसांची सरमिसळ सगळ्यांना आवडते. जिवंत मावशीची चालत नाही.

प्रदर्शनाची काळजी करू नका, ते होत नाही. मल्टिप्लेक्सनी मराठीला चांगली वेळ द्यावी असा आदेश महाराष्ट्रानं २०१५ साली काढला, पण तो सीमेवरच्या कोगनोळीच्या नाक्यापर्यंतच. पुढं तुम्ही आणि सकाळचा खेळ. माझ्या सिनेमाला अकरा माणसं होती, त्यातली चार मावशीच्या गल्लीतली आणि एक पावसात अडकलेला. पाटीवर ६० टक्के कन्नड हवं असा कायदा आहे. तो आपल्या पोस्टरला लागू होतो का, हे थेटरवाल्यालाही माहीत नव्हतं, म्हणून त्यानं पोस्टरच लावलं नाही. मी त्याला दोष देत नाही. मीही असतो तर तेच केलं असतं.

मावशी पहिल्या रांगेत बसली होती. पडद्यावर स्वतःला विड्या वळताना पाहून म्हणाली, “एवढा वेळ हेच दाखवणार हायस व्हय? मी म्हणलं काहीतरी होईल.”

असो. पोटासाठी लग्नाची शूटिंगं घ्या. येत्या हंगामात माझ्याकडे एक आहे: नवरी गोकाककडची, नवरा कागलचा, अक्षता दोन भाषांत. दोन्हीकडची माणसं जेवायच्या पंगतीत एकमेकांना आग्रह करतात, तिकडे कॅमेरा फिरवू नका. त्याचे पैसे कुणी देत नाही. ड्रोनचे मात्र आगाऊ घ्या.